लिंक लागते-तुटते, आरएक्स पॉवर कमी: दोष पॅचकॉर्डचा

१० जी एलआर (फायबरवरची १० गिगाबिटची, लांब पल्ल्याची) लिंक दर काही मिनिटांनी पडायची. आरएक्स पॉवर (रिसीव्हरला पोचणारा प्रकाश) −१७ डीबीएम, म्हणजे फारच कमी. एसएफपी (पोर्टमधलं ऑप्टिकल मॉड्यूल) बदलला, पोर्ट बदलला, कनेक्टर पुसले, काही नाही. दोन दिवस डोक्याला ताप.

कॉर्ड पिवळीच, म्हणजे सिंगल-मोड, एलआरला लागते तीच. म्हणून संशयच आला नाही. पण पॅनेलकडचं टोक हिरवं (एपीसी, ८ अंश तिरकं) आणि पॅनेलवरचा अडॅप्टर निळा (यूपीसी, तिरका काप नसलेला). मधे फट राहते, प्रकाश वाया जातो.

आधी दोन्हीकडचे पोर्ट बंद केले. कॉर्ड काढली. अडॅप्टरच्या आतलं टोक क्लीनरने पुसून स्कोपखाली ओरखडा नाही ना पाहिलं. चुकीच्या जोडणीने फेरूल (कनेक्टरमधली फायबर धरणारी नळी) खराब होऊ शकतं. मग दोन्ही टोकं यूपीसी असलेली ओएस२ (सिंगल-मोड) डुप्लेक्स कॉर्ड लावली, पोर्ट चालू केले. आरएक्स −५.