या चुका टाळा : फुटबॉल अकादमीपासून व्यावसायिक लीगपर्यंत

अकादमीत निवड झाली की घरच्यांना वाटतं, अवघड भाग सरला. प्रत्यक्षात ट्रायलची मुदत तेवढी वाढलेली असते. अकादमीतली जागा बहुतेक ठिकाणी एका-दोन हंगामांपुरती असते. हंगाम सरत आला की प्रशिक्षकांची बैठक बसते आणि प्रत्येक नावाबाबत एकच गोष्ट ठरते, ठेवायचं की सोडायचं. नवव्या वर्षी आत आलेल्या मुलांपैकी मोजकीच अठराव्या वर्षी त्या क्लबच्या जर्सीत दिसतात. हे सगळ्यांना ठाऊक असतं, तरीही मुलं आणि पालक क्लबच्या नावातच गुंतून पडतात. मी भेटेल त्या मुलाला एकच आकडा विचारतो, गेल्या हंगामात किती मिनिटं खेळलास? खालच्या बऱ्याचशा चुका या आकड्याकडे काणाडोळा केल्यामुळेच होतात.

मोठ्या नावाची भुरळ

मार्टिन ओडेगार्ड पंधराव्या वर्षी नॉर्वेच्या राष्ट्रीय संघाकडून खेळला आणि सोळाव्या वर्षी, जानेवारी २०१५ मध्ये, रेआल माद्रिदला गेला. सराव मुख्य संघाबरोबर आणि सामने राखीव संघाकडून, अशी त्याची धड ना इकडे धड ना तिकडे अवस्था झाली. मे २०१५ मध्ये रोनाल्डोच्या जागी तो मैदानात उतरला तेव्हा जगभर बातम्या झाल्या. पण त्याच्या खेळाचा जम बसला तो पुढे हेरेनवेन, व्हितेस आणि रेआल सोसिएदाद या क्लबांकडे लोनवर, म्हणजे मूळ क्लबशी करार कायम ठेवून ठरावीक काळापुरता, गेल्यावर, नियमितपणे खेळायला मिळायला लागल्यावर. आर्सेनलचं कप्तानपद आलं ते २०२२ मध्ये. त्याची हिंमत आणि गुणवत्ता दोन्ही मोठी होती, म्हणून तो यातून बाहेर आला. सगळ्यांना ते जमत नाही.

ज्यूड बेलिंगहॅमचा क्रम याच्या उलट. बर्मिंगहॅम सिटीच्या मुख्य संघात तो सोळाव्या वर्षी आला, एका हंगामात ४४ सामने खेळला आणि मग जर्मनीच्या डॉर्टमुंडला गेला. तरुण पोरांना थेट मैदानात उतरवण्याबद्दल तो क्लब ओळखला जातो. माद्रिद आलं ते त्यानंतर तीन वर्षांनी.

म्हणून दोन क्लबांकडून बोलावणं आलं, तर वसतिगृह आणि जिम बघून भारावून जाण्याआधी काही प्रश्न विचारा. गेल्या तीन वर्षांत १८ वर्षांखालच्या संघातले किती जण मुख्य संघाकडून खेळले? माझ्या जागेवर माझ्यापुढे कोण आहे, त्याचं वय काय, त्याचा करार कधी संपतो? मला आणणारा प्रशिक्षक उद्या गेला तर? यांची उत्तरं गोलमोल मिळाली, तर तेच उत्तर समजा.

अंगाने लवकर वाढलेला मुलगा

तेरा-चौदा वर्षांच्या मुलांचा कुठलाही सामना बघा. एकाला मिसरूड फुटलेली असते, दुसऱ्याची चड्डी गुडघ्याखाली गेलेली असते, आणि कागदावर दोघांचं वय एकच. मिसरूडवाला चेंडू पुढे ढकलतो, धावून गाठतो, खांदा देतो, गोल करतो. प्रशिक्षक खूश, वडील खूश. छोट्याला ही चैन परवडत नाही. चेंडू येण्याआधी तो दोनदा मान वळवून मागे बघून घेतो, अंग अर्धं वळवून उभा राहतो आणि लांबच्या पायावर चेंडू घेतो, कारण सरळ उभं राहून घेतला तर पाठीमागून धक्का बसणार हे त्याला पक्कं माहीत असतं. सतराव्या वर्षी दोघांची उंची सारखी होते. तोवर एकाकडे हे शहाणपण आलेलं असतं आणि दुसऱ्याकडे फक्त जुन्या गोलांची आठवण.

यावर इलाज आहे. लवकर वाढलेल्या मुलाला अधूनमधून मोठ्या वयोगटात खेळवावं, म्हणजे ताकदीवर निभावून नेता येत नाही. कमकुवत पायाने खेळायची सक्ती करावी. काही अकादम्या आता जन्मतारखेऐवजी शरीराच्या वाढीनुसार गट पाडून सामने घेतात, ते याचसाठी. वयोगटाची तारीख जिथे सुरू होते, त्यानंतरच्या पहिल्या दोन-तीन महिन्यांत जन्मलेली मुलं अकादम्यांमध्ये नेहमीच जास्त दिसतात. ती काही जन्मतः जास्त गुणी नसतात, आठ-दहा महिन्यांनी मोठी असतात इतकंच.

उशिरा वाढणाऱ्यांची चूक वेगळी. ती नाउमेद होतात. जेमी वार्डीला शेफील्ड वेन्सडेने सोळाव्या वर्षी सोडलं. तो कारखान्यात काम करून खालच्या लीगमध्ये खेळत राहिला, पंचविशीत लेस्टरला पोचला आणि २०१६ मध्ये प्रीमियर लीगचा, म्हणजे इंग्लंडच्या सर्वोच्च लीगचा, विजेता झाला. पुढे स्कॉटलंडचा कप्तान झालेल्या अँडी रॉबर्टसनला सेल्टिकने लहानखुरा म्हणून सोडलं होतं. पुढे फ्रान्सकडून विश्वचषक जिंकलेल्या ग्रिझमानला फ्रान्समधल्याच अनेक क्लबांनी उंचीमुळे नाकारलं, त्याला घेतलं ते स्पेनच्या रेआल सोसिएदादने. या तिघांनी केलेली साधी गोष्ट म्हणजे, जिथे जागा मिळाली तिथे ते खेळत राहिले.

आणि जन्मतारीख 'दुरुस्त' करून घेण्याचा सल्ला कुणी दिला, तर त्या माणसापासून चार हात लांब राहा. फिफाने २००९ च्या १७ वर्षांखालील विश्वचषकापासून मनगटाचं एमआरआय सुरू केलं. पकडलं गेलं तर बंदी येतेच. पण पकडलं गेलं नाही तरी नुकसान ठरलेलं, दोन वर्षं लहान मुलांना हरवून जे शिकायचं ते राहूनच जातं.

टाच दुखतेय, तरी खेळतोय

दहा ते पंधराच्या दरम्यान, उंची झपाट्याने वाढत असताना, टाचेच्या मागे किंवा गुडघ्याखालच्या हाडाच्या उंचवट्यावर दुखायला लागलं तर ते 'नाटक' समजू नका. हाडं भराभर वाढतात, स्नायू तेवढे लांबलेले नसतात, आणि स्नायूबंध जिथे हाडाला चिकटतो तिथे ताण येतो. टाचेच्या दुखण्याला सेव्हर्स म्हणतात, गुडघ्याखालच्याला ऑसगुड-श्लॅटर. बहुतेकदा भार कमी केला की आटोक्यात येतं. वेदनाशामक गोळी देऊन सामना खेळवणं हा मात्र शुद्ध वेडेपणा.

खरा घोळ बहुतेक वेळा हिशेबात असतो. मुलगा अकादमीत चार दिवस, शाळेच्या संघात दोन दिवस आणि रविवारी मित्रांबरोबर पाच-पाचचा सामना खेळतो. तिन्ही ठिकाणच्या प्रशिक्षकांना वाटतं, माझ्याकडे तर थोडंच करतोय. एका वहीत आठवड्याचे एकूण तास लिहा आणि ती वही तिघांनाही दाखवा. दर तीन महिन्यांनी उंची मोजून त्याच वहीत नोंदवा. उंचीने उडी घेतली की पुढचे काही महिने पाय लटपटतील, पास चुकतील. त्या काळात कुणालाही 'संपला हा' म्हणून निकालात काढू नये.

मुलींच्या बाबतीत गुडघ्याच्या लिगामेंटकडे जास्त लक्ष हवं, कारण एसीएल हा गुडघ्यातला मुख्य लिगामेंट तुटण्याचा धोका त्यांना मुलांपेक्षा अधिक असतो. 'फिफा ११+' हा वीस मिनिटांचा वॉर्मअप आठवड्यातून किमान दोनदा नीट केला तर दुखापती कमी होतात, हे अभ्यासांतून दिसलं आहे. तो कंटाळवाणा आहे, हे कबूल.

झोपेबद्दल एकच वाक्य, किशोरवयात आठ ते दहा तास लागतात. शाळेबद्दल आणखी एक. २०२४ च्या युरो स्पर्धेत अंतिम सामन्याच्या आदल्या दिवशी सतरा वर्षांचा झालेला स्पेनचा लामिन यमाल त्या स्पर्धेदरम्यान शाळेचा अभ्यासही करत होता. ज्याचा करार अजून झालेलाही नाही त्याने शाळा सोडायचं कारण मला तरी दिसत नाही.

रेषेबाहेरचा आवाज

"मार! मार! अरे पास दे ना!" चेंडू पायाशी आलेल्या अकरा वर्षांच्या मुलीला त्या क्षणी तीन आवाज ऐकू येतात, प्रशिक्षकाचा, बाबांचा आणि सहकारी खेळाडूचा. ती थांबते, बाबांकडे बघते आणि चेंडू जातो. निर्णय घेण्याचा सराव व्हायला हवा तो नेमका याच क्षणी, आणि आपण तोच हिरावून घेतो. परतीच्या वाटेवर गाडीत सामन्याची चिरफाड करायची सवय असेल तर तीही सोडा. तिला बोलायचं असेल तर ती बोलेल.

क्लिप, ट्रायल आणि पैसे

तीन मिनिटांची, ढणढण संगीत लावलेली, सोळा गोल ठासून भरलेली क्लिप स्काउट, म्हणजे क्लबसाठी खेळाडू हेरणारा माणूस, फार तर अर्धा मिनिट बघतो. त्याला हवा असतो पूर्ण सामना. चेंडू गमावल्यावर पोरगा काय करतो, संघ दोन गोलांनी मागे असताना पळतो का, चेंडू पायात नसताना कुठे उभा असतो. सुरुवातीला खेळाडूच्या जर्सीचा क्रमांक आणि जागा दाखवा, आणि सोबत दोन अख्ख्या सामन्यांच्या लिंक द्या. त्यातला एक हरलेला असला तरी चालेल.

परदेशी क्लबची ट्रायल 'मिळवून देतो' म्हणत आगाऊ पैसे मागणारा माणूस भेटला, तर क्लबच्या अधिकृत पत्त्यावर स्वतः विचारून खात्री करा. क्लबच्या नावाने चालणारी सशुल्क शिबिरं हा उजळ माथ्याने चालणारा धंदा आहे, पण त्याला ट्रायल समजू नका.

नियमही माहीत हवा. फिफाच्या नियमांचं कलम १९ अठरा वर्षांखालच्या खेळाडूला दुसऱ्या देशातल्या क्लबकडे नोंदणी करू देत नाही. अपवाद मोजके आहेत. आईवडील फुटबॉलशी संबंध नसलेल्या कारणासाठी तिकडे राहायला गेले तर, युरोपीय संघातल्या देशांमध्ये सोळा ते अठरा वयात, किंवा घर आणि क्लब दोन्ही सीमेपासून ५० किलोमीटरच्या आत असतील तर. 'आधी जाऊ, कागद मग बघू' म्हणणाऱ्यांनी ली सुंग-वूची गोष्ट लक्षात ठेवावी. दक्षिण कोरियाचा हा पोरगा बार्सिलोनाच्या अकादमीतला होता. नियमभंगामुळे क्लबवर २०१४ मध्ये कारवाई झाली, पण ली स्वतः जानेवारी २०१६ मध्ये अठरा वर्षांचा होईपर्यंत अधिकृत सामन्यांपासून बाहेर राहिला. क्लबने पुढे नवे खेळाडू विकत घेतले. त्या पोराची मिनिटं परत आली नाहीत.

एजंट आणि सही

एजंटकडे फिफाचा परवाना लागतो, तो परीक्षा देऊनच मिळतो आणि फिफाच्या संकेतस्थळावर नाव तपासता येतं. अल्पवयीन खेळाडूशी बोलण्याआधी पालकांची लेखी संमती लागते. एजंटबरोबरचा करार दोन वर्षांहून मोठा करता येत नाही आणि आपोआप वाढतही नाही. थेट मुलाच्या मोबाईलवर मेसेज टाकणारा आणि पहिल्याच भेटीत बूट भेट देणारा एजंट मला तरी नको.

क्लबच्या करारात सगळे पगाराचा आकडा वाचतात. आधी मुदत वाचा. अठरा वर्षांखालच्या खेळाडूचा करार तीन वर्षांपेक्षा जास्त असेल, तर फिफा जास्तीची मुदत मान्य करत नाही. मग 'ऑप्शन' हा शब्द शोधा. करार वाढवायचा अधिकार फक्त क्लबला असेल, तर चांगला खेळलास तर जुन्याच पगारावर अडकशील आणि वाईट खेळलास तर बाहेर, असा त्याचा अर्थ होतो. दुखापत झाली तर उपचार कोण करणार आणि पगार चालू राहणार का, हेही कागदावर हवं, तोंडी नको.

पगार थकला तर भांडून निघून जाऊ नका, ती चूक अंगाशी येते. दोन महिन्यांचा पगार थकला की क्लबला लेखी नोटीस द्यायची, १५ दिवसांची मुदत द्यायची, आणि तरीही पैसे आले नाहीत तर करार मोडायला योग्य कारण मिळतं. तोवर सरावाला वेळेवर हजर राहायचं.

लोनवर पाठवलं, किंवा सोडलं

लोन म्हणजे शिक्षा असं वाटून मुलं तिथे अर्ध्या मनाने जातात. मे २०१३ मध्ये वॉटफर्डविरुद्धच्या प्लेऑफ सामन्यात लेस्टरच्या बेंचवर दोघे जण बसले होते. एक जेमी वार्डी आणि दुसरा टॉटनहॅमकडून लोनवर आलेला, पुढे इंग्लंडचा कप्तान झालेला हॅरी केन. केनचं हे चौथं लोन होतं. मात्र लोनवर जाण्याआधी तिथल्या प्रशिक्षकाशी थेट बोलायला हवं. त्याला तुम्ही हवे आहात, की वरच्या लोकांनी त्याच्या गळ्यात मारलंय? दुसरं असेल तर सहा महिने बेंचवर जातील.

आणि सोडलंच, तर पहिल्या आठवड्यात रडून घ्या, कुणाला काही सिद्ध करायला जाऊ नका. दुसऱ्या आठवड्यात क्लबकडून तीन गोष्टी मागा, प्रशिक्षकांचा लेखी अहवाल, वैद्यकीय नोंदी आणि सामन्यांचे व्हिडिओ. आणखी एक कागद बहुतेक जण विसरतात. परदेशातल्या क्लबबरोबर पहिला व्यावसायिक करार झाला, तर आधी घडवणाऱ्या क्लबांना प्रशिक्षण-भरपाई द्यावी लागू शकते. त्या भीतीने नवा क्लब ऐनवेळी हात आखडता घेतो. म्हणून सोडतानाच जुन्या क्लबकडून 'आम्ही भरपाई मागणार नाही' असं पत्र सही-शिक्क्यानिशी घेऊन ठेवा. सोडताना क्लबला थोडं अपराधी वाटत असतं, त्यामुळे ते पत्र तेव्हा सहज मिळतं. वर्षभराने पोराला मागणी आल्यावर मागायला गेलात, तर त्याची किंमत लागते.