ध्रुवीय निर्देशकांनी बिंदू मांडताना या चुका टाळा

अकरावीच्या त्रिकोणमितीत ध्रुवीय निर्देशक, म्हणजे बिंदूची जागा अंतर आणि कोन यांनी सांगण्याची पद्धत, येतात तोवर हात एक्स-वायला पक्का सरावलेला असतो. (३, ६०°) दिसलं की पेन्सिल आपसूक आडव्या अक्षावर तीन घरं सरकते, आणि गफलत तिथेच होते. लिहिताना अंतर आधी असतं, मांडताना मात्र कोन आधी. ध्रुवावर, म्हणजे मूळबिंदूवर, उभं राहा, तोंड उजवीकडे. घड्याळाच्या काट्यांच्या उलट दिशेने ६०° वळा आणि मग तीन पावलं चाला.

खरी पंचाईत ऋण आर, म्हणजे ऋण अंतर, आला की होते. (−३, ६०°) घ्या. बरेच जण वजा चिन्ह कोनाला चिकटवतात आणि चौथ्या चरणात ठिपका देतात. काही जण ते चिन्ह सोडूनच देतात. दोन्ही चूक. तोंड ६०° कडेच ठेवायचं आणि तीन पावलं मागे सरकायचं. ठिपका तिसऱ्या चरणात पडतो, कारण हाच बिंदू (३, २४०°) आहे.

आर = कॉस २थीटा (थीटा म्हणजे कोन) हा चार पाकळ्यांच्या फुलाचा आलेख एकदा हाताने काढाच, ही गोष्ट कायमची डोक्यात बसते. ४५° ते १३५° मध्ये आर ऋण येतो. ९०° ला तो −१ असतो: तोंड वर, पाऊल मागे, म्हणून ठिपका ध्रुवाच्या खाली. खालची पाकळी अशी तयार होते. वरची पाकळीही ऋण आरचीच, २२५° ते ३१५° मधली. ऋण किमती गाळल्या की चार पाकळ्यांच्या फुलाला डावी-उजवी अशा दोनच उरतात. आणि बिंदू थीटाच्या चढत्या क्रमानेच जोडा, जवळ दिसतात म्हणून नव्हे.

(−१, √३) चं ध्रुवीय रूप काढताना कॅल्क्युलेटर टॅन इन्व्हर्सचं उत्तर −६०° देतो. त्याचं उत्तर नेहमी −९०° आणि ९०° च्या मधलंच असतं. आपला बिंदू तर दुसऱ्या चरणात आहे, म्हणून १८०° मिळवा: (२, १२०°). आकडेमोडीआधी कच्चा ठिपका काढून चरण बघितलात तर ही चूक होणारच नाही. प्रोग्रॅम लिहिणाऱ्यांसाठी एक्स आणि वाय दोन्ही घेऊन योग्य चरणातला कोन देणारं एटॅन२ हे फंक्शन आहे, पण पायथनमध्ये त्याला आधी वाय द्यायचा असतो आणि एक्सेलमध्ये आधी एक्स.

कॅल्क्युलेटर कोणत्या मोडमध्ये आहे हे साइन ३० वरून कळतं. ०.५ आलं तर डिग्री, −०.९८८ आलं तर रेडियन.

छेदनबिंदू शोधताना ध्रुव वेगळा तपासा. आर = साइन थीटा आणि आर = कॉस थीटा ही समीकरणं सोडवली की ४५° चा बिंदू मिळतो, ध्रुव मिळत नाही. दोन्हींचे आलेख वर्तुळं आहेत: पहिलं ध्रुवावर ०° ला पोचतं, दुसरं ९०° ला. कोन जुळत नाहीत, म्हणून हा बिंदू बीजगणितातून निसटतो. आकृती काढलीत तर दोन्ही वर्तुळं तिथे एकमेकांना काटकोनात छेदताना स्वच्छ दिसतात.