तिमाही जीएसटी रिटर्न स्वतः भरायचं असेल तर

छोट्या व्यावसायिकाला जीएसटीचं रिटर्न अवघड जातं ते पोर्टलमुळे नाही. पोर्टलवरचं काम तासाभराचं असतं. वेळ जातो तो बिलं शोधण्यात, पुरवठादाराला फोन करण्यात आणि आकडे का जुळत नाहीत हे बघण्यात. आणि हे सगळं संपायच्या आधीच घाईघाईने जीएसटीआर-३बी, म्हणजे कर भरायचं मुख्य रिटर्न (बोलीत थ्री-बी), सबमिट होतं. जीएसटीआर-३बी एकदा भरलं की त्यात दुरुस्ती करता येत नाही. म्हणून इथे सगळा भर थ्री-बीच्या आधीच्या कामावर आहे.

आधी एक खात्री करून घ्या. मागच्या आर्थिक वर्षातली उलाढाल ५ कोटी रुपयांपर्यंत असेल तर क्यूआरएमपी (तिमाही रिटर्न, मासिक कर) योजनेत तिमाही रिटर्न भरता येतं. तुम्ही तिमाही आहात की मासिक, हे पोर्टलवर लॉगिन करून बघा, अंदाजाने चालू नका. कंपोझिशन योजनेतल्यांचं, म्हणजे उलाढालीवर ठरावीक दराने कर भरणाऱ्यांचं, गणित वेगळं: तिमाहीनंतर १८ तारखेपर्यंत सीएमपी-०८ हा फॉर्म आणि वर्षातून एकदा जीएसटीआर-४ हे रिटर्न. पुढचं सगळं नियमित नोंदणी असलेल्या तिमाही करदात्यासाठी आहे.

पहिले दोन महिने: चलन आणि आयएफएफ

रिटर्न तिमाही असलं तरी कर दर महिन्याला भरायचा असतो. तिमाहीच्या पहिल्या दोन महिन्यांचा कर पुढच्या महिन्याच्या २५ तारखेपर्यंत पीएमटी-०६ चलनाने जमा करा. दोन पद्धती आहेत. ठरावीक रकमेच्या पद्धतीत मागच्या तिमाहीत रोख भरलेल्या कराच्या ३५ टक्के रक्कम पोर्टल स्वतःच काढून देतं. मागच्या तिमाहीत २०,००० रुपये रोख भरले असतील, तर दर महिन्याला ७,०००. प्रत्यक्षात कर जास्त निघाला तरी ही रक्कम वेळेत भरली असेल तर त्या महिन्यांसाठी व्याज लागत नाही. फरक तिमाहीच्या शेवटी भरायचा. दुसरी पद्धत त्या महिन्याची विक्री आणि क्रेडिट (खरेदीवर आधीच दिलेल्या कराची वजावट) बघून खरा कर काढायची. धंदा अचानक मंदावला असेल तरच तिच्या वाटेला जा, एरवी ३५ टक्के सोयीचं.

चलन भरलं म्हणजे कर भरला, असं मात्र नाही. ते पैसे पोर्टलवरच्या तुमच्या कॅश लेजरमध्ये (रोख खात्यात) पडून राहतात आणि थ्री-बी भरल्यावरच कराकडे वळतात.

आयएफएफ, म्हणजे तिमाही संपायच्या आधीच बिलं पोर्टलवर दाखवायची सोय, ऐच्छिक आहे. पहिल्या दोन महिन्यांची नोंदणीकृत ग्राहकांची बिलं पुढच्या महिन्याच्या १३ तारखेपर्यंत इथे चढवता येतात, महिन्याला ५० लाखांच्या मर्यादेत. तुमचे ग्राहक मोठ्या कंपन्या असतील तर ही ऐच्छिक सोय सक्तीचीच समजा. बिल दिसलं नाही तर त्यांना क्रेडिट मिळत नाही आणि मग त्यांचा अकाउंट्स विभाग तुमचं पेमेंट अडवून धरतो.

जीएसटीआर-१: तिमाहीनंतर १३ तारखेपर्यंत

ही विक्रीची यादी. नोंदणीकृत ग्राहकांची बिलं एकेक करून, किरकोळ ग्राहकांची विक्री राज्य आणि दरानुसार एकत्र. परराज्यातल्या बिगरनोंदणीकृत ग्राहकाला १ लाखापेक्षा मोठं बिल केलं असेल तर ते स्वतंत्र दाखवावं लागतं. आयएफएफमध्ये गेलेली बिलं पुन्हा टाकू नका.

सर्वाधिक चुका दोन ठिकाणी होतात. पहिली जीएसटीआयएनमध्ये, म्हणजे पंधरा अक्षरांच्या जीएसटी नोंदणी क्रमांकात. चुकून दुसऱ्याच कुणाचा वैध नंबर टाकला गेला तर पोर्टल तो मुकाट घेतं. नंबर टाकल्यावर समोर येणारं व्यापाराचं नाव वाचायची सवय ठेवा. दुसरी पुरवठ्याच्या ठिकाणात. महाराष्ट्राचा कोड २७. विक्रेता आणि पुरवठ्याचं ठिकाण दोन्ही २७ असेल तर सीजीएसटी (केंद्राचा कर) आणि एसजीएसटी (राज्याचा कर), ठिकाण दुसऱ्या राज्यात असेल तर आयजीएसटी (आंतरराज्य कर). इथे चूक झाली तर कर योग्य खात्यात पुन्हा भरावा लागतो आणि चुकीच्या खात्यातल्या रकमेचा परतावा वेगळा मागावा लागतो.

परदेशी ग्राहकाचं काम करणाऱ्या फ्रीलान्सरने कर न लावता बिल करायचं असेल तर त्या आर्थिक वर्षाचं एलयूटी (कर न भरता निर्यात करण्यासाठीचं हमीपत्र) आधी दाखल केलेलं हवं. कर शून्य असला तरी ते बिल निर्यातीच्या तक्त्यात दाखवायचंच. एचएसएन (वस्तू-सेवांच्या कोडचा) तक्ता आणि कोणत्या नंबरपासून कोणत्या नंबरपर्यंत बिलं फाडली, त्यातली रद्द किती, हा तक्ताही भरा.

जीएसटीआर-१ भरल्यानंतर पण थ्री-बीच्या आधी चूक सापडली तर दुरुस्तीसाठी जीएसटीआर-१ए आहे. तिमाहीत एकदाच वापरता येतं, तेव्हा सगळ्या दुरुस्त्या गोळा करूनच ते भरा.

टू-बीशी खरेदीची जुळणी

तिमाहीनंतर १४ तारखेला जीएसटीआर-२बी तयार होतं. तुमच्या पुरवठादारांनी तुमच्या नावावर दाखवलेल्या बिलांची ही यादी. यात जे बिल नाही, त्याचं क्रेडिट घेता येत नाही. बिल तुमच्या हातात असलं आणि पैसे चुकते केलेले असले तरीही.

एक्सेलमध्ये एका बाजूला खरेदीवही, दुसऱ्या बाजूला टू-बी घ्या. जुळवताना पुरवठादाराचा जीएसटीआयएन, बिल नंबर, करपात्र रक्कम आणि कर असे चारही रकाने बघा. नुसत्या बिल नंबरवर विसंबलात तर ‘०४५’ आणि ‘४५’ ही दोन वेगळी बिलं वाटतात.

वहीत आहे पण टू-बीत नाही, अशा बिलांचं क्रेडिट या वेळी सोडा आणि त्याच दिवशी पुरवठादाराला कळवा. त्याने पुढच्या तिमाहीत दाखवलं की तेव्हा घ्या. उलट टू-बीत आहे पण वहीत नाही, असं बिल एक तर नोंदवायचं राहिलेलं असतं किंवा तुमचं नसतंच. तुमचं नसेल तर पोर्टलवरच्या इन्व्हॉइस मॅनेजमेंट सिस्टिममध्ये जाऊन ते नाकारा. काहीच केलं नाही तर पोर्टल ते स्वीकारलं असं धरतं. कुठलीही कृती टू-बी तयार झाल्यावर केली असेल तर टू-बी पुन्हा मोजायला लावा, नाही तर जुनेच आकडे थ्री-बीत येतील.

टू-बीत दिसलेलं सगळंच क्रेडिट तुमचं असतं असंही नाही. घरासाठी घेतलेली वस्तू, बाहेरचं खाणंपिणं, क्लबची वर्गणी, सामान्य धंद्यात वापरायची मोटारगाडी यांचं क्रेडिट कायद्याने बंद आहे. ते थ्री-बीच्या तक्ता ४ए मध्ये येऊ द्या आणि ४बी(१) मध्ये उलटवा, म्हणजे वजा दाखवा. ४ए मधूनच परस्पर वजा केलं की टू-बीशी मेळ बसत नाही आणि नोटिशीला आमंत्रण मिळतं. बिलाच्या तारखेपासून १८० दिवसांत पुरवठादाराला पैसे दिले नसतील तर ते क्रेडिट ४बी(२) मध्ये उलटवायचं. पैसे दिल्यावर परत घेता येतं.

जीएसटीआर-३बी: महाराष्ट्रात २२ तारखेपर्यंत

विक्रीचे आकडे जीएसटीआर-१ वरून, खरेदीचे टू-बीवरून आपोआप येतात. आपोआप येत नाही, आणि म्हणून हमखास राहतो, तो बिगरनोंदणीकृत पुरवठादाराकडून घेतलेल्या सेवेवरचा रिव्हर्स चार्ज, म्हणजे विक्रेत्याऐवजी खरेदीदाराने भरायचा कर.

सध्या सगळ्यात जास्त विसरलं जातं ते गाळ्याचं भाडं. १० ऑक्टोबर २०२४ पासून, गाळामालक जीएसटीत नोंदणीकृत नसेल आणि तुम्ही असाल, तर भाड्यावरचा १८ टक्के कर तुम्ही भरायचा. भाडं महिना २०,००० असेल तर तिमाहीचे १०,८०० रुपये. हे तक्ता ३.१(डी) मध्ये दाखवा. हा कर क्रेडिटमधून भागवता येत नाही, रोखच भरावा लागतो. पण त्याच थ्री-बीत त्याचं क्रेडिट घेता येतं. मालकाकडून बिल येत नाही, म्हणून स्वतःच्या नावे स्वतःच बिल बनवून ठेवा. वकिलाची फी आणि मालवाहतूकदाराचं भाडं यांवरही रिव्हर्स चार्ज लागतो का ते तपासा.

आता वळती, म्हणजे देय कर क्रेडिटमधून भागवणं. नियम असा: आधी आयजीएसटीचं क्रेडिट पूर्ण वापरायचं, आणि सीजीएसटीचं क्रेडिट एसजीएसटीसाठी किंवा उलट कधीच वापरता येत नाही. समजा देय कर आयजीएसटी ९,०००, सीजीएसटी २७,००० आणि एसजीएसटी २७,०००. क्रेडिट आयजीएसटी १८,०००, बाकी दोन्ही २४,००० प्रत्येकी. आयजीएसटी भागवून ९,००० उरतात. ते सगळे सीजीएसटीकडे वळवले तर सीजीएसटीचं ६,००० क्रेडिट पडून राहतं आणि एसजीएसटीचे ३,००० खिशातून जातात. तेच ४,५०० आणि ४,५०० असे वाटले तर रोख एक रुपयाही लागत नाही. पोर्टल सुचवेल तो आकडा बदलता येतो, तेव्हा ऑफसेट दाबण्याआधी ही बेरीज करून बघा.

रोख कमी पडत असेल तर तिथूनच चलन बनवा. चलन १५ दिवस वैध असतं. पण शेवटच्या दिवशी बँकेचा व्यवहार अडकला तर उशीर तुमच्याच खात्यावर मांडला जातो. सही मालकी व्यवसायाला ओटीपीने चालते. कंपनी आणि एलएलपीला डिजिटल सिग्नेचर लागते.

उशीर झाला तर

विलंब शुल्क दिवसाला ५० रुपये, काहीच व्यवहार नसलेल्या रिटर्नला २०. दीड कोटीपर्यंत उलाढाल असेल तर एका रिटर्नला कमाल २,०००, शून्य रिटर्नला ५००. त्याशिवाय रोख भरायच्या करावर वर्षाला १८ टक्के व्याज. २०,००० रुपये १० दिवस उशिरा भरले तर व्याज साधारण ९९ रुपये, शुल्क मात्र ५००. शून्य व्यवहाराचं रिटर्न १४४०९ वर एसएमएस करूनही भरता येतं, म्हणून ‘धंदाच झाला नाही’ हे न भरण्याचं कारण होऊ शकत नाही. तिमाहीवाल्याने सलग दोन तिमाह्या रिटर्न भरलं नाही तर नोंदणी रद्द होण्याची कारवाई सुरू होऊ शकते.

थ्री-बी गेल्यावर विक्रीचं बिल राहिलेलं आढळलं तर पुढच्या जीएसटीआर-१ मध्ये टाका आणि कर व्याजासह भरा. चुकलेलं बिल पुढच्या जीएसटीआर-१ च्या दुरुस्तीच्या तक्त्यात सुधारता येतं. जास्त घेतलेलं क्रेडिट पुढच्या थ्री-बीत उलटवा. ते वापरलं गेलं असेल तर व्याजही द्या. राहिलेलं क्रेडिट घ्यायला आणि बिलं सुधारायला मुदत आहे पुढच्या आर्थिक वर्षातल्या ३० नोव्हेंबरची, वार्षिक रिटर्न त्याआधी भरलं तर त्या दिवसापर्यंतच. २०२५-२६ च्या बिलांसाठी ती ३० नोव्हेंबर २०२६ आहे.