हिपा नेमका कोणाला लागू? अमेरिकी बिलिंगचं काम करणाऱ्यांनी या चुका टाळा

पुणे, नवी मुंबई, नागपूरच्या मेडिकल बिलिंग आणि कोडिंग कंपन्यांत, म्हणजे अमेरिकी दवाखान्यांची विम्याची बिलं करणाऱ्या कंपन्यांत, रुजू झालं की आधी हिपाचं, म्हणजे रुग्णांच्या माहितीच्या गोपनीयतेच्या अमेरिकी कायद्याचं, ट्रेनिंग होतं. स्लाइड सरकतात, क्विझ होते, सर्टिफिकेट मिळतं. त्यानंतर ‘हा कायदा कोणाला लागू आहे?’ असं विचारून बघा. कोणी म्हणतं हॉस्पिटलांना, कोणी म्हणतं आरोग्याची माहिती हाताळणाऱ्या प्रत्येकाला. दोन्ही उत्तरं चूक.

अमेरिकेचा हा कायदा १९९६ चा. त्यातला प्रायव्हसी रूल बहुतेकांना १४ एप्रिल २००३ पासून पाळावा लागला. माहिती कसली आहे एवढ्यावर तो थांबत नाही, ती कोणाच्या हातात आहे हे बघतो. थेट कक्षेत तिघेच येतात. पहिले, मेडिकेअर-मेडिकेड या सरकारी योजनांसह सगळ्या आरोग्य विमा योजना. दुसरे क्लिअरिंगहाउस, म्हणजे दवाखान्याचे क्लेम ठरावीक साच्यात बसवून विमा कंपनीकडे धाडणाऱ्या मधल्या संस्था. तिसरे डॉक्टर, हॉस्पिटल, लॅब, फार्मसी. पण क्लेम किंवा एलिजिबिलिटी (रुग्णाचा विमा लागू आहे का हे तपासणं) यांसारखे ठरावीक व्यवहार ते इलेक्ट्रॉनिक पद्धतीने करत असतील तरच. हे ‘तरच’ बरेच जण गाळतात. फक्त रोख घेणारा, विम्याच्या भानगडीत न पडणारा थेरपिस्ट हिपाबाहेर असू शकतो. रुग्णाची गोपनीयता त्यालाही सांभाळावी लागते, पण ती राज्याच्या कायद्यामुळे आणि व्यवसायाच्या नियमांमुळे.

‘आम्ही भारतात बसतो, आम्हाला कसला हिपा?’

सगळ्यांत महागात पडणारी चूक हीच. वरच्या तिघांपैकी कोणासाठी रुग्णांची माहिती हाताळली की तुम्ही बिझनेस असोसिएट. २०१३ च्या सुधारित नियमांनी या लोकांवर थेट जबाबदारी टाकली, आणि त्यांच्या सब-कॉन्ट्रॅक्टरवरही. टेक्सासच्या क्लिनिकने काम तिथल्या बिलिंग कंपनीला दिलं, तिने पुण्याला, पुण्याने कोल्हापुरातल्या चार जणांच्या टीमला. यातल्या प्रत्येक टप्प्यावर बीएए, म्हणजे बिझनेस असोसिएट करार, हवा. ‘आम्ही बीएएवर सहीच केलेली नाही’ ही पळवाट नव्हे. काम तसं असेल तर सहीविनाही तुम्ही बिझनेस असोसिएट ठरता, वर करार नसल्याचा दोष वेगळा.

अमेरिकी आरोग्य खात्याचे हात पुण्यापर्यंत पोचणं अवघड आहे, हे खरं. पण क्लायंटपर्यंत ते सहज पोचतात, आणि क्लायंट तुमच्यापर्यंत कराराने पोचतो. हिपा परदेशात काम द्यायला मनाई करत नाही. काही राज्यांचे मेडिकेड करार मात्र करतात. म्हणून नव्या क्लायंटचं काम घेताना हे आधी विचारा. आपल्या २०२३ च्या डेटा संरक्षण कायद्यातही परदेशी लोकांची माहिती कराराने हाताळणाऱ्यांना बरीच सूट आहे, पण माहिती सुरक्षित ठेवण्याच्या कर्तव्यातून सूट नाही.

‘नाव खोडलंय, आता काय अडचण?’

रात्रीच्या शिफ्टमध्ये एआर कॉलरला, म्हणजे थकलेल्या क्लेमसाठी विमा कंपनीला फोन करणाऱ्याला, एक डिनायल (विमा कंपनीने नाकारलेला क्लेम) समजत नाही. तो स्क्रीनशॉट घेतो, रुग्णाचं नाव काळं करतो आणि टीमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकतो: ‘हे कोणी बघितलंय का?’ हेतू चांगला. पण खाली मेंबर आयडी (विम्याचा नंबर), जन्मतारीख आणि डेट ऑफ सर्व्हिस (उपचाराची तारीख) तशीच दिसतेय. ओळख काढून टाकलेली माहिती म्हणायची तर साधारणपणे १८ प्रकारचे तपशील काढावे लागतात. त्यात मेंबर आयडी आहे, रेकॉर्ड नंबर आहे, आणि उपचाराच्या तारखाही आहेत. वर्ष तेवढं ठेवता येतं. शंका विचारायचीच असेल तर डिनायल कोड (नकाराच्या कारणाचा) आणि प्रोसिजर कोड (उपचाराचा) लिहून विचारा. उत्तर द्यायला तेवढं पुरतं.

क्लाउडवाल्यांची चूकही याच जातीची. ‘डेटा एन्क्रिप्टेड आहे, किल्ली आमच्याकडे नाही’ म्हणून ते सुटत नाहीत. क्लायंटसाठी अशी माहिती साठवून ठेवणाराही बिझनेस असोसिएटच.

जिथे लागू नाही तिथे लावणं

न्यू जर्सीतल्या नातेवाइकाला बॉसने विचारलं, ‘लस घेतली का?’ आणि फॅमिली ग्रुपवर लगेच निकाल लागला: हिपाचा भंग! तसं नाही. मालक म्हणून कंपनी, जीवन विमा कंपनी, बहुतेक शाळा यांना हिपा लागू नाही. त्यांच्यासाठी वेगळे कायदे असतात, आणि नुसता प्रश्न विचारणं हा हिपाचा भंग होत नाही.

ॲप बनवणाऱ्यांनी इथे जास्त थांबावं. एका मधुमेही माणसाने स्वतःच ॲप डाउनलोड करून साखरेचं रीडिंग टाकलं, तर ॲप कंपनीला सहसा हिपा लागत नाही. तेच ॲप हॉस्पिटलने आपल्या पेशंटसाठी कराराने घेतलं, तर लागतो. आकडा तोच, माणूस तोच. पहिल्या प्रकारातही मोकळं रान नाही. तिथे फेडरल ट्रेड कमिशन, म्हणजे अमेरिकेची ग्राहकहित बघणारी सरकारी संस्था, येतं. २०२३ मध्ये औषधांवर सवलत मिळवून देणाऱ्या गुडआरएक्स कंपनीने जाहिरातदारांना आरोग्याची माहिती पुरवल्याच्या प्रकरणात १५ लाख डॉलरचा दंड मान्य केला, तो हिपाखाली नव्हता.

वेबसाइटवर ‘हिपा सर्टिफाइड’ असा शिक्का छापायची हौसही आवरा. अमेरिकी सरकार असलं कुठलंही सर्टिफिकेट मानत नाही.

चूक झालीच तर

चुकीच्या क्लिनिकला फॅक्स गेला, तर ‘सोमवारी मॅनेजरला सांगू’ करू नका. बिझनेस असोसिएटने क्लायंटला विनाकारण उशीर न करता, फार तर ६० दिवसांत कळवायचं असतं. बीएएमध्ये ही मुदत बहुधा खूपच कमी लिहिलेली असते, तेव्हा ते कलम आजच काढून वाचा. आणि दिवस मोजायला सुरुवात मॅनेजरने मेल उघडल्यापासून होत नाही. चूक करणाऱ्याला सोडून टीममधल्या कोणाही एकाला ती कळली, त्या दिवसापासून होते.