यूट्यूबला मराठी शिकवताना: इंदूरकरांसाठी

घरात बोलणं मराठी, पण टीव्हीवर यूट्यूब उघडलं की होमवर, म्हणजे पहिल्या पानावर, सगळं हिंदी. इंदूरच्या मराठी घरांत हे नेहमीचंच. ॲपची भाषा मराठी करून काही साधत नाही, फक्त बटणांची नावं बदलतात. त्या खात्यावर आधी काय पाहिलं, काय शोधलं, कोणते चॅनल सबस्क्राइब केले यावरून शिफारशी ठरतात. आजोबांचं कीर्तन, सुनेच्या मालिका आणि नातवाची कार्टून्स एकाच खात्यावर चालली, तर तीच खिचडी रोज ताटात येणार.

म्हणून आधी खाती वेगळी करा. टीव्हीवरच्या यूट्यूबमध्ये डावीकडच्या मेन्यूतून खातं जोडता आणि बदलता येतं. नातवाला यूट्यूब किड्स लावून द्या. नेटफ्लिक्सवर एका खात्यात पाच प्रोफाइल करता येतात, त्या करूनच टाका.

मग हिस्टरी. पाहिलेल्याची वेगळी आणि शोधलेल्याची वेगळी, दोन्ही बघा. सगळी पुसू नका, नको असलेलेच व्हिडिओ एकेक करून काढा. फोनवर हे काम लवकर होतं. हिस्टरी बंदही ठेवू नका. ऑगस्ट २०२३ पासून हिस्टरी बंद असेल आणि जुनं फारसं काही शिल्लक नसेल, तर होम जवळजवळ कोरं दिसतं. मग घरात 'टीव्ही बिघडला' अशी ओरड. फॅमिली ग्रुपवर आलेला व्हिडिओ बघायचाच असेल तर फोनवर आधी इन्कॉग्निटो लावा, म्हणजे हिस्टरीत नोंद होणार नाही.

नको ते समोर आलं की बहुतेक जण डिसलाइक दाबतात. त्याचा उपयोग थोडाच. फायरफॉक्स ब्राउझरवाल्या मोझिलाने २०२२ मध्ये वीस हजारांहून जास्त लोकांच्या शिफारशी तपासल्या. डिसलाइकने नकोशा शिफारशी जेमतेम १२ टक्के टळल्या, 'नॉट इंटरेस्टेड'ने ११, हिस्टरीतून काढल्याने २९ आणि 'डोन्ट रेकमेंड चॅनल'ने ४३ टक्के. तेव्हा तीन टिंबांवर जाऊन हे शेवटचंच वापरा. निम्म्याहून जास्त तरीही येत राहतील, चिडू नका.

खरी मेख शोधण्याच्या शब्दांत आहे. हिंदी आणि मराठी दोन्ही देवनागरीत, त्यामुळे 'नाटक' किंवा 'कीर्तन' एवढंच लिहिलं तर हिंदीही येणारच. 'नारदीय कीर्तन', 'नाट्यगीत', 'दोन अंकी नाटक' असं लिहा. 'पोहा' लिहिलंत तर इंदूरच्या सराफ्यातल्या खाऊबाजाराची सैर घडेल, 'कांदे पोहे' लिहिलंत तर मराठी स्वयंपाकघर उघडेल. 'ळ' असलेला शब्द मिळाला तर उत्तम: होळी, फराळ, पुरणपोळी. बोलून शोधताना रिमोटच्या माइकची भाषा हिंदी असेल तर तो 'होळी'ची होली करतो, म्हणून ती सेटिंग्जमध्ये तपासा.

ऑटोप्ले बंद करा. सोफ्यावर डुलकी लागली की पुढचे दोन तास काहीबाही वाजतं आणि ते सगळं तुमच्याच आवडीत जमा होतं.

गाणं ऐकणाऱ्यांसाठी एक खास अडचण. इंदूर घराण्याचे उस्ताद शोधायला 'अमीर खान' लिहिलं की सिनेनट हजर! 'उस्ताद अमीर खाँ मारवा' असं रागासकट लिहा. स्पॉटिफायवर ३० सेकंद वाजलं की एक स्ट्रीम मोजला जातो, म्हणून नव्या गाण्यांत मुखडा चटकन येतो. खाँसाहेबांच्या अतिविलंबित, म्हणजे अगदी संथ, झुमरा तालाचं एक आवर्तनच (तालाची एक फेरी) अर्ध्या मिनिटापेक्षा मोठं. स्ट्रीम मोजून झाला तरी सम, म्हणजे तालाची पहिली मात्रा, आलेली नसते. त्यामुळे ख्याल पुढे सरकवत ऐकू नका, पूर्ण वाजू द्या. मुलांची गाणी लावायची असतील तर आधी 'प्रायव्हेट सेशन' सुरू करा. त्यांची प्लेलिस्ट ठरलेली असेल तर ती टेस्ट प्रोफाइलमधून (स्पॉटिफायने ठेवलेल्या तुमच्या आवडीच्या नोंदीतून) वगळण्याचा पर्याय तिच्याच तीन टिंबांत आहे.