मोटेट: हा शब्द कुठे, कसा आणि कशाच्या सोबतीनं वापरावा

मोटेट (पाश्चात्त्य चर्चसंगीतातला एक गानप्रकार) हा शब्द एकटा लिहू नका. आमच्या गानवृंदाची कार्यक्रमपत्रिका करायला जो कुणी बसतो, त्याला मी हे आधी सांगते. शब्दाच्या शेजारी शतक हवं, भाषा हवी, किती आवाजांसाठी आहे तेही हवं. हा शब्द जवळजवळ आठशे वर्षं चालत आलाय आणि वाटेत त्याचा अर्थ पुन्हा पुन्हा पालटलाय. तेराव्या शतकातल्या पॅरिसचं मोटेट आणि सतराव्या शतकातल्या व्हर्सायचं, म्हणजे फ्रेंच राजवाड्यातलं मोटेट शेजारी ठेवून ऐकलं, तर ही एकाच नावाची गाणी आहेत यावर विश्वास बसत नाही.

वसईच्या आमच्या चर्चमध्ये मिस्सा (ख्रिस्तप्रसादाचा मुख्य प्रार्थनाविधी) मराठीत होते, गाणीही बहुतेक मराठीच असतात. मोठ्या सणांना मात्र आम्ही चार आवाजांतलं एखादं जुनं लॅटिन मोटेट बसवतो. मग नवीन मुलं विचारतात, हे स्तोत्र का नाही, कॅरल (नाताळगीत) का नाही, मिस्सेचाच भाग का नाही? त्यांना देते तीच उत्तरं इथे लिहिते आहे.

रोजच्या वापरासाठी एवढं पुरेल: अनेक आवाजांत बांधलेली, धार्मिक शब्दांची, बहुधा लॅटिन रचना, जिचे शब्द मिस्सेच्या कायमच्या पाच गायनांपैकी नाहीत, ती मोटेट. ती पाच म्हणजे क्यिरिए, ग्लोरिया, क्रेदो, सांक्तुस आणि आन्यूस देई. रविवार बदलला तरी त्यांचे शब्द बदलत नाहीत. संगीतकार हे पाचही भाग एकत्र बांधतो तेव्हा त्या रचनेला मिस्सा म्हणतात. मोटेट मात्र त्या दिवसाचे शब्द उचलतं: बायबलमधलं एखादं दाविदाचं स्तोत्र, शुभवर्तमानातली ओळ, मरियामातेची प्रार्थना. ते अर्पणाच्या वेळी, कम्युनियनच्या (ख्रिस्तप्रसाद घेण्याच्या) वेळी, मिरवणुकीत किंवा संध्याकाळच्या प्रार्थनेत गातात.

म्हणून नवा कागद हातात आला की आधी शब्द वाचा, सूर नंतर. शब्द त्या पाचांतले असतील तर ते मोटेट नाही. चार-पाच कडवी एकाच चालीवर असतील तर ते स्तोत्र, म्हणजे इंग्रजीतलं हिम. शब्द इटालियन आणि विषय प्रेमाचा असेल तर बहुधा माद्रिगाल. शब्द इंग्रजी आणि चर्च अँग्लिकन, म्हणजे इंग्लंडच्या पंथाचं असेल तर त्याला अँथेम म्हणायची रीत आहे. अँग्लिकन प्रार्थनापुस्तकाच्या १६६२ च्या आवृत्तीत अँथेम कुठे गायचं तेही सांगून ठेवलंय. संगीतकार हँडलनं १७२७ साली दुसऱ्या जॉर्ज राजाच्या राज्याभिषेकासाठी लिहिलेलं 'झेडॉक द प्रीस्ट' हे अँथेम आहे. त्याला मोटेट म्हटलेलं इंग्रजी गायकांना खटकेल. ही चाळणी सोळाव्या शतकासाठी उत्तम चालते. मागेपुढे गेलं की तिला भोकं पडतात, आणि ती कुठे पडतात हे माहीत हवं.

सुरुवातीलाच पडतात. पॅरिसच्या नोत्र दाम कॅथीड्रलच्या गायनात टेनर, म्हणजे मूळ सूर धरणारा खालचा आवाज, ग्रेगोरियन (चर्चच्या जुन्या एकसुरी प्रार्थनागायनातल्या) सुरावटीचा एक तुकडा धरून चालायचा आणि वर दुसरा आवाज फिरायचा. त्या फिरणाऱ्या आवाजाला पुढे स्वतःचे शब्द दिले गेले. फ्रेंचमध्ये शब्दाला 'मो' म्हणतात. त्यावरून तो आवाज 'मोतेतुस' झाला आणि मग सगळ्या रचनेलाच ते नाव पडलं. पुढे वर आणखी एक आवाज आला. मग हे वरचे दोन आवाज दोन वेगळ्या कविता एकाच वेळी गात, कधी एक लॅटिन तर एक फ्रेंच, आणि फ्रेंच कविता सरळ प्रेमाचीही असे. त्यामुळे तेराव्या शतकातल्या मोटेटखाली प्रेयसीचं वर्णन दिसलं तर छपाईची चूक समजू नका. १३०० च्या सुमारास योहानेस दे ग्रोकेओ हा संगीतशास्त्रकार लिहितो, की ही गाणी सामान्य लोकांपुढे गाऊ नयेत, त्यातले बारकावे जाणकारांनाच कळतात. पुढे १३२४-२५ च्या सुमारास पोप बाविसावे जॉन यांनी चर्चमधल्या नव्या गायनावर कडक फर्मान काढलं. प्रार्थनेच्या सुरावटीवर लोकभाषेतले वरचे आवाज चढवले जातात, ही त्यातली एक तक्रार होती.

चौदाव्या शतकात फिलिप द व्हित्री आणि गियोम द माशो यांच्या मोटेटांत टेनरला लयीचा एक ठरलेला आकृतिबंध असतो, तो पुन्हा पुन्हा येतो. त्याचं नाव तालेआ. आपल्या 'ताल'शी त्याचं नातं जोडायचा मोह होतो, पण हे दोन वेगळे शब्द आहेत. ऐकताना मात्र आवर्तन मोजायची आपली सवय फार उपयोगी पडते. टेनरवर कान ठेवा, समेची वाट पाहतो तशी आकृतिबंधाच्या सुरुवातीची वाट पाहा, आणि गोंधळ वाटणारं गाणं हळूहळू उलगडतं. ग्यिओम द्युफाईचं 'नुपेर रोसारुम फ्लोरेस' या घडणीतलं शिखर. २५ मार्च १४३६ ला फ्लॉरेन्सचं कॅथीड्रल पोप चौथे यूजीन यांच्या हस्ते पवित्र झालं, त्या सोहळ्यासाठी ते रचलं होतं.

आता सोळावं शतक. आज नुसतं 'मोटेट' म्हटलं की ज्याचा अर्थ घेतात ते हेच, आणि माझा जीवही इथेच रमतो. एक मोटेट नीट ऐकायला शिकलात तर बाकीची शेकडो आपोआप उघडतात, म्हणून इटालियन संगीतकार पालेस्त्रीनाचं 'सीकुत चेर्वुस' घ्या. चार आवाज (वरून खाली सोप्रानो, आल्टो, टेनर, बास), बायबलमधल्या बेचाळिसाव्या स्तोत्राचे शब्द (लॅटिन बायबलच्या क्रमानं एकेचाळिसावं). अर्थ असा, की हरण जसं पाण्याच्या झऱ्यांसाठी तळमळतं, तसा देवा, माझा जीव तुझ्यासाठी तळमळतो. टेनर एकटा सुरू करतो. थोडं पुढे गेल्यावर तीच सुरावट आल्टो उचलतो, मग सोप्रानो, शेवटी बास. चौघांचेही शब्द तेच, पण कुणीच दुसऱ्याच्या पावलावर पाऊल टाकून थांबत नाही. टेनरची ओळ संपत आलेली असते तेव्हा बास आत्ता कुठे बोलायला लागलेला असतो. 'माझा जीव, देवा, तुझ्यासाठी' या अर्थाच्या शब्दांना नवी सुरावट मिळते आणि पुन्हा चारही आवाज ती एकमेकांकडून घेत जातात. प्रत्येक शब्दसमूहाला स्वतःची सुरावट आणि ती साऱ्या आवाजांतून फिरलेली, ही सोळाव्या शतकातल्या मोटेटची खूण लक्षात ठेवा.

पहिल्यांदा ऐकताना चारही आवाज पकडायचा प्रयत्न करू नका. एका बैठकीत फक्त टेनर ऐका, सुरुवातीपासून शेवटपर्यंत. दुसऱ्या बैठकीत फक्त बास. आमच्याकडे सोप्रानोच्या मुलींना मी टेनरची ओळ गायला लावते, मग त्यांना स्वतःची ओळ कुणाला उत्तर देते आहे ते कळतं. आपला कान एका सुरावटीमागे जायला सरावलेला आहे, तेव्हा तिथूनच सुरुवात करावी. आणि हे शब्द का निवडले असतील याचाही विचार करा. ईस्टरच्या आदल्या रात्री बाप्तिस्म्याच्या कुंडाकडे जाताना हेच स्तोत्र गायची परंपरा होती. तहान आणि पाणी, दोन्ही त्या रात्रीचे आहेत. बाप्तिस्म्याच्या प्रसंगाला आम्ही ते घेतो तेव्हा ते कधीच परकं वाटत नाही.

मोटेट निवडताना हीच कसोटी लावा: शब्दांना दिवस असतो. 'ओ माग्नुम मिस्तेरिउम' नाताळचं, गव्हाणीतल्या बाळाकडे बघणाऱ्या जनावरांचं. 'ओ व्होस ओम्नेस' पवित्र शनिवारचं. ब्रुकनरचं 'लोकुस इस्ते' १८६९ साली ऑस्ट्रियातल्या लिंट्झच्या नव्या कॅथीड्रलमधल्या प्रार्थनामंदिरासाठी लिहिलं गेलं. 'ही जागा देवानं घडवली' हे त्याचे शब्द, म्हणून ते चर्चच्या वर्धापनदिनाला शोभतं. मोत्झार्टचं 'आव्हे व्हेरुम कोर्पुस' (जून १७९१, अवघे ४६ माप, म्हणजे बार) ख्रिस्तशरीराबद्दल आहे, ते कम्युनियनलाच गावं. छान वाटतं म्हणून ते लग्नाच्या प्रवेशाला लावतात, तेव्हा मला वाईट वाटतं. त्यातला प्रत्येक सूर मरणाच्या घटकेसाठी केलेल्या प्रार्थनेकडे चाललेला असतो.

उच्चाराचं थोडक्यात. चर्चमधलं लॅटिन आपण इटालियन वळणानं म्हणतो, आणि देवनागरीला ते सोपं जातं. सी या अक्षरापुढे ई, आय किंवा एई ही रोमन अक्षरं आली की 'च': चेर्वुस, चेलुम. जी-एन जोडून आले की 'न्य': आन्यूस, माग्नुममध्येसुद्धा 'मान्युम'. लिहिताना मात्र लोक रुळलेलं 'माग्नुम'च लिहितात. गाण्याच्या वहीत मी प्रत्येक ओळीखाली देवनागरी उच्चार आणि त्याखाली मराठी अर्थ लिहून देते. अर्थ माहीत नसलेला गायक श्वास चुकीच्या जागी घेतो.

सतराव्या-अठराव्या शतकात शब्द पुन्हा फुटतो. व्हर्सायमध्ये राजाच्या मिस्सेसाठी लुली आणि दलालांद यांनी जे 'ग्रां मोते' (मोठे मोटेट) लिहिले, त्यांत एकल गायक, मोठा गायकवृंद आणि वाद्यवृंद सगळेच आहेत. त्याच्या उलट इटलीत एकाच गायकासाठी मोटेट लिहीत: मोत्झार्टचं 'एक्सुल्ताते, युबिलाते' जानेवारी १७७३ मध्ये मिलानला गायलं गेलं तेव्हा तो सतराही पूर्ण नव्हता, आणि त्यात गायकवृंदच नाही. जर्मनीत बाखनं जर्मन शब्दांवर मोटेटं बांधली. 'देर गाइस्ट हिल्फ्ट' हे १७२९ साली लाइपझिगच्या थॉमस शाळेच्या वृद्ध मुख्याध्यापकांच्या अंत्यविधीसाठी होतं. म्हणजे अनेक आवाज, लॅटिन भाषा, वाद्यांशिवाय गाणं, यांतली एकही अट कायमची नाही. 'वाद्यं नसतात ते मोटेट' असं कुणी शिकवत असेल तर नम्रपणे बाखच्या या अंत्यविधीच्या मोटेटाकडे बोट दाखवा. त्याच्या वाद्यांच्या मूळ प्रती टिकून आहेत.

शिवाय छापील मुखपृष्ठावर 'मोटेट' शब्द असेलच असं नाही. टॅलिस आणि बर्ड या इंग्रज संगीतकारांनी १५७५ साली आपला संग्रह 'कान्तिओनेस साक्रे', म्हणजे पवित्र गाणी, या नावानं काढला. आत आहेत ती मोटेटंच. तेव्हा नोटेशन शोधताना 'मोटेट' टाकून शोधू नका, लॅटिन पहिले शब्द टाका. अभंग जसा पहिल्या ओळीनं ओळखतो तसंच इथे. कोरल पब्लिक डोमेन लायब्ररी या संकेतस्थळावर जुन्या रचना फुकट मिळतात. पण तेच शब्द अनेकांनी बांधलेत: 'ओ माग्नुम मिस्तेरिउम' व्हिक्टोरियाचं आहे, पालेस्त्रीनाचं आहे, विसाव्या शतकात पुलांक आणि लॉरिडसनचंही आहे. संगीतकाराचं नाव गाळलं तर अर्धा गानवृंद घरून वेगळीच रचना शिकून येतो.

कार्यक्रमपत्रिकेतली ओळ अशी असावी: 'ओ माग्नुम मिस्तेरिउम, तोमास लुईस दे व्हिक्टोरिया, लॅटिन मोटेट, चार आवाज, प्रसिद्धी १५७२. शब्द: नाताळच्या पहाटेच्या प्रार्थनेतून.' खाली दोन ओळींत मराठी अर्थ. 'मोटेट'साठी मराठी प्रतिशब्द मी वापरत नाही. 'भक्तिगीत' लिहिलं की वाचणाऱ्याच्या मनात दुसरंच गाणं वाजायला लागतं. आणि मराठीत मी 'ते मोटेट, ती मोटेटं' असं नपुंसकलिंगी चालवते, गीतासारखं.

गोव्यात गेलात तर वरचं सगळं बाजूला ठेवून ऐका. तिथे मोटेट म्हणजे ईस्टरपूर्वीच्या उपवासकाळात ख्रिस्ताच्या दुःखसहनावर गायलेली रचना, सांतुस पासुसच्या (ख्रिस्ताच्या क्रूसवाटेच्या) मिरवणुकांशी बांधलेली. शब्द बहुधा लॅटिन, पुढे कोकणीही आले. वरचे दोन आवाज तिसऱ्या-सहाव्या स्वराचं अंतर ठेवून जोडीनं चालतात, खाली बास, आणि सोबतीला व्हायोलिनं, क्लॅरिनेट, डबल बास. पालेस्त्रीनाच्या कानानं ऐकलं तर ते साधं वाटेल, आणि तो अन्याय होईल. ती गावच्या मेस्तांनी (चर्चच्या संगीतशिक्षकांनी) आपल्याच गावच्या आवाजांसाठी केलेली कामं आहेत. पोर्तुगीज काळापासून पॅरिश शाळांत हे मेस्त मुलांना सोल्फा (स्वरवाचन) आणि व्हायोलिन शिकवत. मुंबईच्या चित्रपटसंगीतातले कितीतरी वादक, माजोर्ड्याचे व्हायोलिनवादक अँथनी गोन्साल्विस धरून, याच चर्चसंगीतातून आले.

यातलं बरंच संगीत हातानं लिहिलेल्या कागदांवर आहे. तुमच्या नात्यागोत्यात कुणाच्या घरी असे कागद असतील तर ते सपाट ठेवून दिवसाच्या उजेडात दोन्ही बाजूंचे फोटो घ्या, चिकटपट्टी लावू नका. मेस्तांचं नाव, गाव, कुठल्या दिवशी गात आणि कोण गात असे, हे घरातल्या म्हाताऱ्या माणसाला विचारून वेगळ्या कागदावर लिहा. बासची आणि वाद्यांची पानं बऱ्याचदा निराळ्या हाती असतात. ती कुणाकडे गेली, हेही त्याच बैठकीत विचारून घ्या.