चोरीस घालून हक्का नूडल्स: या चुका टाळा

चोरीस म्हणजे गोव्याचं डुकराच्या मांसाचं मसालेदार सॉसेज. चोरीस-पाव आणि चोरीस-पुलाव उत्तम करणाऱ्यांच्याही चोरीस-नूडल्स फसतात. बहुतेक वेळा कारण एकच असतं: हक्का नूडल्सची नेहमीची कृती घ्यायची आणि चिकनच्या जागी गोव्याचा चोरीस टाकायचा. पण चोरीस म्हणजे नुसतं मांस नव्हे. मीठ लावून वाळवलेलं डुकराचं मांस, चरबी, सुकी लाल मिरची, लसूण, मिरी-लवंग-दालचिनी आणि माडाचं व्हिनेगर एवढं सगळं त्या दोऱ्याने बांधलेल्या, मण्यांसारख्या सॉसेजमध्ये भरलेलं असतं. म्हणजे सॉस आधीच तयार आहे. त्यावर बाटल्यांतले सॉस ओतले की पदार्थ खारट-आंबट होणारच.

दोघातिघांसाठी 150 ग्रॅम कोरड्या हक्का नूडल्स, 100 ग्रॅम चोरीस, एक मोठा कांदा, एक लहान गाजर, आठ-दहा फरसबीच्या शेंगा, वाटीभर लांब चिरलेला कोबी, अर्धी सिमला मिरची आणि पातीच्या कांद्याच्या दोन काड्या घ्या. हौसेने चोरीस वाढवू नका. 150 ग्रॅम घातला की भाज्यांची चवच लागत नाही.

चोरीस थेट तापलेल्या कढईत टाकणं

सर्वांत महागात पडणारी चूक. मोठ्या आचेवर बाहेरचा मिरची-लसणीचा मसाला मिनिटभरात करपून कडू होतो. आतलं मांस मात्र चिवट राहतं आणि चरबी सुटतच नाही. शिवाय वाळवलेला असला तरी हा चोरीस कच्चाच असतो, तो पूर्ण शिजवूनच खायचा.

आधी दोरा कापून टाका, वरचं आतड्याचं आवरण सोलून काढा आणि आतलं मांस बोटांनी मोकळं करा. मोठे तुकडे नखाएवढे चिरा, नाहीतर ते नूडल्समध्ये मिसळत नाहीत, तळाशी जाऊन बसतात. हे मांस अर्धी वाटी पाण्यात झाकण ठेवून मंद आचेवर 15 ते 20 मिनिटं शिजवा. तेल, मीठ काही नको. मग झाकण काढून पाणी आटू द्या. बुडबुड्यांचा आवाज बदलतो, खदखद थांबून चुरचुर सुरू होते आणि कडेने लाल चरबी सुटते. मिरचीमुळे मांस मुळातच लाल असतं, त्यामुळे रंगावरून शिजल्याचं कळत नाही. चरबीचे पांढरे तुकडे काचेसारखे पारदर्शक झाले आणि मांसाचा तुकडा चमच्याने सहज तुटला की झालं. पाणी आटलं तरी मांस कच्चं वाटत असेल, तर आणखी पाव वाटी पाणी घालून पुन्हा झाका.

सुटलेल्या चरबीपैकी दोन मोठे चमचे नूडल्ससाठी ठेवा, उरलेली गाळून बरणीत भरा आणि फ्रीजमध्ये ठेवा. दुसऱ्या दिवशी त्यात अंडी परतून बघाच.

सवयीने मीठ, सोया सॉस आणि व्हिनेगर घालणं

शिजलेल्या चोरीसचा एक तुकडा आधी चाखा. मीठ आणि आंबटपणा प्रत्येक घरच्या, प्रत्येक दुकानच्या चोरीसमध्ये वेगळा असतो, त्यामुळे मोजून सांगण्यात अर्थ नाही. नूडल्सच्या पाण्यात मीठ नेहमीपेक्षा निम्मंच, भाज्यांना अजिबात नको. हवाच असेल तर साधा सोया सॉस एक छोटा चमचा. काळपट डार्क सोया घातला की तो छान लाल रंग तपकिरी होतो. व्हिनेगर आणि चिली सॉस बाजूलाच ठेवा.

नूडल्स ओल्या-गरम असतानाच परतायला घेणं

दीड लिटर उकळत्या पाण्यात पाकिटावरच्या वेळेपेक्षा एक मिनिट आधीच काढा. मधोमध किंचित कच्ची लागली पाहिजे. गार पाण्याखाली धुवा, नीट निथळू द्या, छोटा चमचाभर तेल लावून ताटात अर्धा तास पसरून ठेवा. ओल्या नूडल्सवर चरबी धरत नाही, घसरून तळाशी साचते आणि वर नूडल्सचे गोळे होतात. दोन मिनिटांत होणाऱ्या इन्स्टंट नूडल्स इथे चालत नाहीत, परतताना त्यांचा लगदा होतो.

सगळ्या भाज्या एकदम लोटणं

घरच्या गॅसवर भरलेली कढई गार पडते, कोबीला पाणी सुटतं आणि परतण्याऐवजी भाज्या वाफवल्या जातात. आधी फरसबी आणि गाजर दोन मिनिटं, मग कांदा, शेवटी कोबी आणि सिमला मिरची मिनिटभर, सगळं मोठ्या आचेवर आणि छोटा चमचाभर तेलात. भाज्या ताटात काढा. त्याच कढईत ठेवलेली चरबी तापवा, नूडल्स घालून दोन चिमट्यांनी वर-खाली करा, मग चोरीस आणि भाज्या घाला, आणखी एक मिनिट परता. पातीचा कांदा गॅस बंद केल्यावर.

बिघडलंच तर

खारट झालं तर बिनमिठाच्या उकडलेल्या नूडल्स आणि कच्चा कोबी मिसळा. पाणी घालून काही साधत नाही. फार आंबट असेल तर अर्धा चमचा साखर आणि किसलेलं गाजर. तेलकट दिसत असेल तर कढई तिरकी करून चरबी चमच्याने काढून घ्या. कडवट लागत असेल तर मसाला करपला आहे आणि त्यावर इलाज नाही. चोरीसलाच खवट वास येत असेल, तो बुळबुळीत लागत असेल किंवा त्यावर हिरवी-काळी बुरशी असेल, तर धुऊन वापरायच्या भानगडीत पडू नका, फेकून द्या. पावसाळ्यात तो टांगून ठेवण्यापेक्षा फ्रीजच बरा.

परदेशात स्पेनचा वाळवलेला चोरिसो वापरणार असाल तर ही कृती तशीच चालवू नका. तो तयार खाण्याचा असतो, पाण्यात शिजवला तर चव पाण्यात जाते. चकत्या मंद आचेवर चार-पाच मिनिटं परतून चरबी सोडवा. त्यात आपल्या चोरीसचा आंबट तिखटपणा नसतो, म्हणून तिथे मात्र एक छोटा चमचा व्हिनेगर आणि अर्धा चमचा काश्मिरी मिरचीपूड घाला.

पानात गरम असतानाच वाढा. डुकराची चरबी गार झाली की थिजते आणि टाळूला मेणासारखी चिकटते. उरलेल्या नूडल्स डब्यातून थेट खाऊ नका. कढईत दोन चमचे पाणी शिंपडून, झाकण ठेवून मिनिटभर वाफ आणा, मग उघड्यावर परता.